खरी चुरस यादीत शिरण्याची होती
'कॅप्टन झाल्यावर पुढची बढती निव्वळ पराक्रमावर मिळे' हे अठराव्या शतकातल्या ब्रिटिश नौदलावरच्या लेखातलं वाक्य पटलं नाही. पोस्ट-कॅप्टन, म्हणजे पूर्ण हुद्द्याचा कॅप्टन झालं की नाव ज्येष्ठतेच्या यादीत लागे आणि वरचे गळतील तसतसं वर सरके, आपल्या सरकारी खात्यांतल्या सेवाज्येष्ठतेसारखंच.

याच नौदलात पुढे ॲडमिरल झालेल्या दोघांचं बघा: कॉलिंगवुड नेल्सनपेक्षा दहा वर्षांनी मोठा. पण नेल्सनचे मामा मॉरिस सकलिंग नौदलाचे कम्प्ट्रोलर, म्हणजे कारभार बघणाऱ्या मंडळाचे प्रमुख. १७७७ साली भाच्याच्या लेफ्टनंटच्या परीक्षेला परीक्षक मंडळावर तेच बसले होते. नेल्सन १७७९ मध्ये, अवघा वीस वर्षांचा असताना पोस्ट-कॅप्टन झाला; कॉलिंगवुड १७८० मध्ये, तेही नेल्सनने सोडलेल्या 'हिंचिनब्रूक' जहाजावर. तेवढ्या फरकाने तो कायम नेल्सनच्या खाली राहिला. ट्रफाल्गरच्या लढाईत शत्रूच्या जहाजांची फळी आधी कॉलिंगवुडच्या 'रॉयल सॉव्हरिन' जहाजाने फोडली, हे तरी लेखात यायलाच हवं होतं.