वॉरलॉकची जादू उधारीची नसते

ठाणे आणि नवी मुंबईत डंजन्स अँड ड्रॅगन्स हा फाशांवर चालणारा, पात्रे रंगवण्याचा खेळ खेळणाऱ्यांच्या व्हॉट्सॲप गटांमध्ये एक मजकूर फिरतो आहे. एखादा नवा खेळाडू वॉरलॉक, म्हणजे एखाद्या शक्तीशी करार करून जादू करणाऱ्या वर्गाचे पात्र, घेऊ का, असे विचारतो, कोणीतरी तो मजकूर पुढे ढकलतो आणि चर्चा तिथेच मिटते. त्याचा आशय असा: वॉरलॉकला स्वतःची जादू नसते, तो एखाद्या बलाढ्य शक्तीकडे आत्मा गहाण ठेवतो आणि काडीचाही अभ्यास न करता बाकीच्या जादूगारांपेक्षा मोठी जादू पदरात पाडून घेतो, ही जादू उधारीची असल्यामुळे त्या शक्तीला, म्हणजे पेट्रनला, ती हवी तेव्हा काढून घेता येते, आणि म्हणून डीएमने, म्हणजे खेळ चालवणाऱ्या डंजन मास्टरने, पहिल्या सेशनपासूनच या पात्राला धाकात ठेवावे. यातला मोठ्या जादूचा दावा अर्धा खरा आहे. बाकीच्या दाव्यांना नियमांचा आधार नाही, आणि शेवटचा सल्ला तर खेळाची मजा घालवणारा आहे.

आधी उधारीचे पाहू, कारण बाकी सगळे त्यावर उभे आहे. 2014 च्या प्लेअर्स हँडबुक या मूळ नियमपुस्तकात वॉरलॉक आणि पेट्रन यांच्या नात्याचे जे वर्णन आहे, त्यात धर्मोपदेशक आणि देव यांच्या नात्याची शक्यता नोंदवलेली आहे. पण बहुतेक वेळा हे नाते गुरू आणि शिष्यासारखे असते, असे तिथेच स्पष्ट म्हटले आहे. वॉरलॉक शिकतो, शिकत शिकत बलवान होतो आणि त्या बदल्यात पेट्रनची अधूनमधून काही कामे करून देतो. शिकवलेली विद्या परत मागण्याची तरतूद त्या प्रकरणात कुठेही नाही. ती लिहायची राहून गेली असेल, असे म्हणायलाही जागा नाही, कारण त्याच पुस्तकात काही पाने आधी पॅलाडिन या शपथबद्ध योद्ध्याच्या बाबतीत ती स्वतंत्र चौकटीत दिलेली आहे: शपथ मोडून पश्चात्ताप न करणाऱ्या पॅलाडिनला डीएम आपला वर्ग सोडायला लावू शकतो किंवा डंजन मास्टर्स गाइडमधला शपथभंगाचा पर्याय घ्यायला लावू शकतो. ज्यांना शपथ मोडल्याचे परिणाम लिहिता आले, त्यांना करार मोडल्याचेही लिहिता आले असते. त्यांनी लिहिले नाहीत, यावरून काय समजायचे ते समजावे.

त्याहून बोलका पुरावा ‘ग्रेट ओल्ड वन’ या पेट्रनच्या वर्णनात आहे. या अनादि शक्तीला तुमच्या अस्तित्वाचा पत्ताही नसेल किंवा तुमच्याशी काही देणेघेणे नसेल, तरी तुम्ही मिळवलेल्या रहस्यांच्या जोरावर तुम्ही तिच्यातून जादू खेचू शकता, असे पुस्तक सांगते. ज्या सावकाराला आपण कर्ज दिले आहे हेच ठाऊक नाही, तो वसुलीला येणार कसा? 2024 च्या आवृत्तीत तर हा क्रम आणखी उघड झाला आहे. तिथे पेट्रनची निवड पात्र तिसऱ्या लेव्हलला, म्हणजे प्रगतीच्या तिसऱ्या पायरीला, पोचल्यावर होते, पण मंत्र आणि ‘इन्व्होकेशन’ नावाच्या खास विद्या पहिल्या लेव्हलपासून मिळतात, म्हणजे कागदावर पेट्रनचे नाव नसताना वॉरलॉक दोन लेव्हल जादू करत हिंडतो.

खरे तर आपल्याकडच्या माणसाला हे समजायला परक्या नियमपुस्तकाची गरज पडू नये. भस्मासुराला शंकराने वर दिला, आणि तो वर अंगावर उलटला तेव्हा खुद्द शंकराला पळावे लागले. दिलेले परत घेता येईना, म्हणून विष्णूला मोहिनीचे रूप घेऊन असुराचा हात त्याच्याच डोक्यावर ठेववून घ्यावा लागला. देणारा कितीही थोर असो, दिलेली शक्ती घेणाऱ्याची होते, ही कल्पना आपल्या पुराणकथांमध्ये पावलोपावली आहे. सैतानाशी रक्ताने केलेला करार आपण बाहेरच्या गोष्टींतून उचलला आणि तोच एकमेव नमुना मानून बसलो.

अभ्यास शून्य, हा दुसरा दावा. इन्व्होकेशनची ओळख करून देताना पुस्तक म्हणते, की गूढविद्येचा अभ्यास करताना वॉरलॉकने निषिद्ध ज्ञानाचे हे तुकडे स्वतः उकरून काढले आहेत. पेट्रनने ते प्रसादासारखे हातावर ठेवले, असे तिथे म्हटलेले नाही. ज्याने ग्रंथाचा करार निवडला आहे आणि प्राचीन रहस्यांची इन्व्होकेशन घेतली आहे, त्याला सापडलेला विधिमंत्र आपल्या वहीत उतरवून घेता येतो, आणि त्याचा खर्च 2014 च्या नियमांत मंत्राच्या प्रत्येक लेव्हलमागे (मंत्रांनाही ताकदीप्रमाणे लेव्हल असतात) दोन तास आणि दुर्मीळ शाईसाठी 50 सुवर्णमुद्रा इतका आहे. पुस्तकी किडा म्हणून ज्याचे कौतुक होते, त्या विझार्डला नवा मंत्र वहीत उतरवायला नेमका एवढाच वेळ आणि एवढाच पैसा लागतो. तिसऱ्या लेव्हलच्या मंत्रासाठी दोघेही सहा तास मान मोडून बसणार आणि दोघांच्याही थैलीतून 150 मुद्रा जाणार, पण त्यातला एक विद्वान आणि दुसरा फुकटा कसा ठरतो, हे मजकूर लिहिणाऱ्यानेच सांगावे.

यावर एक आक्षेप मात्र गंभीरपणे घ्यावा असा आहे. वॉरलॉकची जादू बुद्धिमत्तेवर न चालता करिष्म्यावर चालते. अभ्यास असता तर बुद्धिमत्ता लागली असती, असे काहीजण म्हणतात. पण या गुणावर मंत्राचा नेम आणि तो परतवून लावण्याची अवघडता ठरते. मंत्र कुठून आला, हे ठरत नाही. गाण्यातून जादू करणारा बार्डही करिष्म्यावर जादू करतो, आणि त्याच्या रियाजाला कोणी उधारी म्हणत नाही. उलट उदाहरण पाथफाइंडर या अशाच दुसऱ्या खेळाच्या दुसऱ्या आवृत्तीत सापडते. तिथल्या विच (चेटकीण) या वर्गालाही पेट्रन असतो, तरी तिची जादू बुद्धिमत्तेवर चालते. पेट्रन तिला थेट भेटण्याऐवजी तिच्या पाळीव प्राण्यामार्फत शिकवतो, आणि हा प्राणी मंत्राची गुंडाळी तासाभरात चक्क खाऊन नवा मंत्र आत्मसात करतो, तेही पेट्रनच्या मदतीशिवाय. ही खास दाद देण्यासारखी कल्पना आहे.

आता अर्ध्या खऱ्या दाव्याकडे, म्हणजे बाकीच्यांपेक्षा मोठ्या जादूकडे, येऊ. घोडबंदर रोडवरच्या एका सोसायटीत आमचे टेबल बसते आणि तिथे वॉरलॉक खेळणारी मैत्रीण स्लॉट, म्हणजे मंत्र टाकण्याच्या शिल्लक संधी, मोजायला कागद वापरत नाही. कॅरेक्टर शीटच्या कोपऱ्यात ती पाच रुपयांची दोन नाणी ठेवते. मंत्र टाकला की नाणे उलटे करते. शेजारी विझार्डवाल्याच्या शीटवर पेन्सिलने काढलेल्या नऊ चौकटी असतात. पात्रे पाचव्या लेव्हलला आहेत. पहिल्या चकमकीत दोन्ही नाणी उलटी पडतात, आणि ती जेव्हा पात्रांनी तासभर शॉर्ट रेस्ट, म्हणजे छोटी विश्रांती, घेऊ या म्हणते, तेव्हा बाकीची पार्टी दार फोडायला निघालेली असते, कारण नेरूळला परतणाऱ्याला ट्रान्स-हार्बरची गाडी गाठायची असते आणि त्याआधी त्याला दरवाजामागचा राक्षस पाहायचा असतो. त्यानंतरचा दीड तास तिची नाणी उलटीच राहतात.

हिशेब मांडून पाहिला तर चित्र असे दिसते. पाचव्या लेव्हलला वॉरलॉकचे दोनच स्लॉट असतात, पण ते दोन्ही तिसऱ्या लेव्हलचे असतात आणि शॉर्ट रेस्टनंतर परत मिळतात. विझार्डच्या नऊ स्लॉटांपैकी तिसऱ्या लेव्हलचे दोन. शॉर्ट रेस्टमध्ये दिवसातून एकदा आपली खास युक्ती वापरून तो आणखी एक परत मिळवू शकतो. 2014 च्या डंजन मास्टर्स गाइडने साहसाच्या एका पूर्ण दिवसात सहा ते आठ चकमकी आणि सुमारे दोन शॉर्ट रेस्ट गृहीत धरल्या आहेत. त्या हिशेबाने वॉरलॉकचे तिसऱ्या लेव्हलचे सहा मंत्र होतात आणि विझार्डचे तीन, अधिक खालच्या लेव्हलचे सात. म्हणजे दिवस पुस्तकाप्रमाणे चालला तर मोठ्या मंत्रांत वॉरलॉक पुढे आहे, हे मान्य करायलाच हवे. पण रविवार दुपारच्या तीन तासांत एक-दोन चकमकी उरकून थेट लाँग रेस्ट, म्हणजे पात्रांची रात्रभराची विश्रांती, घेणाऱ्या टेबलावर तोच वॉरलॉक दोन मंत्रांवर अडकतो आणि विझार्ड नवाच्या नऊ स्लॉट मोकळ्या हाताने उधळतो. मजकूर लिहिणाऱ्याचे टेबल पहिल्या प्रकारचे असावे. आपल्याकडची बहुतेक टेबले दुसऱ्या प्रकारची आहेत, असा माझा अंदाज आहे.

पुढच्या लेव्हलांना दरी वाढते. विझार्डकडे विसाव्या लेव्हलला एकूण 22 स्लॉट असतात. वॉरलॉककडे पाचव्या लेव्हलचे चार असतात, आणि सहाव्या ते नवव्या लेव्हलचा प्रत्येकी एक मंत्र त्याला लाँग रेस्टमागे एकदाच टाकता येतो. 2024 मध्ये दुसऱ्या लेव्हलपासून एका मिनिटाच्या विधीने अर्धे स्लॉट परत मिळवण्याची सोय दिली आहे, तीही दिवसातून एकदा. विश्रांतीअभावी वॉरलॉक कोरडा पडतो, ही तक्रार रास्त होती, एवढे त्यावरून दिसते. एल्ड्रिच ब्लास्ट हा वॉरलॉकचा हल्ल्याचा मंत्र स्लॉट न खर्चता कितीही वेळा टाकता येतो हे खरे, पण करिष्म्याची भर घालणारी इन्व्होकेशन घेऊनही पाचव्या लेव्हलला त्याचे नुकसान चांगल्या धनुर्धाऱ्याच्या दोन बाणांपेक्षा फार वेगळे नसते. आणि वॉरलॉकला सॉर्सरर या दुसऱ्या जादूगार वर्गाशी एकाच पात्रात जोडून, न झोपता स्लॉट साठवत राहण्याची जी करामत पुरावा म्हणून दाखवली जाते, तिच्यात दोन वर्गांच्या नियमांमधली फट वापरली जाते. 2017 च्या झॅनाथार्स गाइड या पुरवणी नियमपुस्तकाने लाँग रेस्ट टाळणाऱ्यावर थकव्याचा पर्यायी नियम लावून ती बुजवायची सोय केली आहे.

आत्मा गहाण ठेवण्याबद्दल फार लिहायला नको. त्याच झॅनाथार्स गाइडमध्ये कराराच्या विशेष अटींचा एक तक्ता आहे, सहा बाजूंच्या फाशाने ठरवायचा. त्यात मद्य वर्ज्य करण्याची अट आहे, रोज एखाद्या इमारतीच्या भिंतीवर पेट्रनचे नाव किंवा चिन्ह कोरण्याची आहे, तोच पोशाख दुसऱ्यांदा कधीही न घालण्याची आहे. आत्मा देण्याची अट त्यात नाही. खेळाडूला हवी असेल तर त्याने ती जरूर घ्यावी. नियम ती लादत नाहीत.

राहिला धाकाचा सल्ला. ज्या डीएमला पेट्रनचा दबाव हवा आहे, त्याच्याकडे कामे, निरोप, जुन्या शिष्यांचे वैर, प्रतिस्पर्धी पेट्रनचे प्रलोभन अशी भरपूर सामग्री आहे. त्यासाठी खेळाडूच्या शीटवरचे मंत्र पुसावे लागत नाहीत. चौथ्या सेशनला पेट्रन रागावला म्हणून स्लॉट गेले, असे जाहीर केले, तर त्या खेळाडूकडे तलवार नसलेला आणि मंत्रही नसलेला माणूस उरतो, आणि बाकीचे चौघे खेळत असताना त्याने मोबाइल पाहत बसायचे. असे काही ठरवायचेच असेल, तर पहिल्या बैठकीत, पात्र तयार होत असताना, खेळाडूच्या संमतीने ठरवावे.

आणि करार खरोखर अंगावर येणारा हवा असेल, तर त्यासाठी नियमांतच ती सोय असलेले खेळ आहेत. डंजन्स अँड ड्रॅगन्सच्याच 3.5 आवृत्तीत, 2006 च्या टोम ऑफ मॅजिकमध्ये, बाइंडर नावाचा वर्ग आहे. तो जमिनीवर मुद्रा रेखून हरवलेल्या आत्म्याला बोलावतो आणि 24 तासांपुरता करार करतो. फासा कमी पडला तरी शक्ती मिळते, पण त्या आत्म्याचा स्वभाव अंगात शिरतो आणि त्याप्रमाणे वागायला नकार दिला की हल्ल्यांपासून बचावापर्यंत फाशांमधून एक वजा होतो. 2012 च्या डंजन क्रॉल क्लासिक्स या वेगळ्या खेळामध्ये विझार्डला पेट्रनशी नाते जोडता येते, मंत्राला जोर यावा म्हणून स्वतःच्या ताकदीचे, चपळाईचे आणि दमाचे गुण जाळता येतात, आणि पेट्रनचा मंत्र टाकताना फाशावर एक आला तर त्या पेट्रनचा डाग अंगावर उमटू शकतो. ही किंमत तिथे नियमाने ठरलेली आहे आणि फासा टाकण्याआधी खेळाडूला ती माहीत असते.