‘स्पष्टवक्ता’ यांना: उडी कोण मारतो आणि का

आयकिदो या जपानी युद्धकलेतून सिनेमात आलेल्या स्टीव्हन सीगलवरच्या माझ्या लेखाखाली ‘स्पष्टवक्ता’ या टोपणनावाने आलेली प्रतिक्रिया अशी: “हाणामारीच्या सिनेमातला नट जपान समजावून सांगतो आणि तुम्ही माना डोलावता. डोजोसुद्धा बायकोच्या घरचा! कोतेगाएशीत समोरचा आपणहून उडी मारतो, हे शेंबड्या पोरालाही दिसतं. आमच्या तालमीतला गडी दोन मिनिटांत लोळवेल.” शेवटी पाच हसरे चेहरे. मोजलेत मी. मुद्दा दमदार असला की एवढे लागत नाहीत.

डोजोचं, म्हणजे सरावाच्या जागेचं, मान्य. ओसाकातला तो डोजो त्याची तेव्हाची बायको मियाको फुजितानी यांच्या घरचा, आणि त्या स्वतः आयकिदोच्या जाणकार. मी ‘सीगलने उभारलेला’ लिहिलं, ते चुकलं, दुरुस्त केलंय. पण ‘नट जपान समजावतो’ हा क्रम उलटा आहे. ‘एबव्ह द लॉ’ आला १९८८ मध्ये, तोही पडद्यावरचा त्याचा पहिलाच. जपानातली वर्षं त्याआधीची. तेवढं बघून लिहिलं असतंत, तर शेंबडं पोर मध्ये आणावं लागलं नसतं.

आता ती उडी. कोतेगाएशी म्हणजे मनगट दुमडून समोरच्याला पाडायचा आयकिदोतला डाव. बावीस वर्षं तातामीवर, म्हणजे सरावाच्या चटईवर, आहे, त्यातली निम्मी पडण्यात गेली, म्हणून हे ऐकून घ्याच.

समोरच्याने उजव्या हाताने ठोसा मारला. तुम्ही डावा पाय त्याच्या उजव्या हाताच्या बाहेरच्या अंगाला टाकता आणि त्याच पायावर गिरकी घेऊन त्याच्या शेजारी, त्याच दिशेला तोंड करून येता. तुमचा डावा हात त्याच्या कोपरापासून घसरत मनगटावर. अंगठा त्याच्या पंजाच्या पाठीवर, अनामिका आणि करंगळीच्या मुळाशी. बाकीची बोटं त्याच्या अंगठ्याच्या फुगीर भागाला वेढून. मग डावा पाय मागे, उजवा तळवा त्याच्या बोटांवर, आणि पंजा त्याच्याच बाहूकडे दुमडत बाहेर आणि खाली.

नवखा इथेच चुकतो. तो मनगट बाजूला पिळतो. त्याने नुसतं दुखतं. समोरचा उभाच राहतो आणि डाव्या हाताने तुमच्या कानाखाली वाजवतो. पंजा तुमच्या बेंबीसमोर हवा, त्याचं कोपर वाकलेलं. कोपर सरळ झालं की जोर खांद्यापर्यंत पोचतच नाही आणि तुम्ही खांब हलवत बसता.

बरोबर जमलं, तर त्याच्यापुढे दोन वाटा. सावकाश असेल तर ढुंगणावर बसून मागे लोळायचं. वेगात असेल तर बसायला वेळ नसतो. मनगटाचे स्नायुबंध ताणले जायच्या आत अंगच पंजावरून पलीकडे न्यायचं. हीच तुमची ‘आपणहून उडी’. हनुवटी छातीला, मोकळा हात अंगापासून साधारण ४५ अंशांवर सपाट आपटायचा. कोपर आधी टेकवलं तर धक्का थेट खांद्यात. आपणहून मारतो, हो! चटका बसताच हात आपणहूनच मागे येतो, त्यालाही तुम्ही नाटक म्हणणार का?

सिनेमातली खोटी उडी ओळखायची असेल, तर सीगलकडे बघू नका, पडणाऱ्याच्या पायांकडे बघा. पंजा दुमडायच्या आधीच टाचा सुटल्या असतील, तर तो स्टंटवाला कॅमेऱ्यासाठी उडाला. सीगलच्या सिनेमांतही असे प्रसंग आहेत, नाही कोण म्हणतो?

तालमीतला गडी लोळवेल, हेही शक्य आहे. पट काढणाऱ्याला कोतेगाएशी लावायला आधी त्याचा हात सापडायला हवा, आणि तो तुमच्या मांडीला घट्ट आवळलेला असतो. माझ्या लेखाचा तो विषय नव्हता.

हसरे चेहरे मात्र पुढच्या वेळी दोनच पाठवा.