नानांना उत्तर: कावळा, अक्रोड आणि खोटी चिठ्ठी

नाना, नमस्कार.

टीव्हीवर निसर्गपट सादर करणारे ब्रिटिश निवेदक डेव्हिड अॅटनबरो यांच्यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत, "साहेबाने टीव्हीवर कावळा हुशार ठरवला, तुम्ही मान डोलावली. अक्रोडाची गोष्ट थाप. पिंजऱ्यातले प्राणी रानातले म्हणून खपवतात. आणि सातपुडा उशाशी असताना तुम्हाला लंडनचा माणूस सापडतो." तीन घाव. पहिला बरोबर बसलाय.

त्यांच्या १९९८च्या पक्ष्यांवरच्या मालिकेत जपानमधला कावळा रस्त्यावर अक्रोड टाकतो, गाडी तो फोडते, सिग्नल लागला की कावळा खाली उतरून गर उचलतो. मी यावरून सरसकट "कावळे सिग्नल पाळतात" असं लिहून मोकळा झालो. पण १९९७ मध्येच कॅलिफोर्नियातल्या अभ्यासकांनी तिथले कावळे तपासले होते. गाडी येत असो की रस्ता मोकळा असो, अक्रोड टाकण्यात फरक दिसला नाही. त्यांना हवी होती ती कडक जमीन. जपानी कावळा वेगळ्या जातीचा, त्यामुळे तो दाखला यातून खोटा ठरत नाही. माझं वाक्य मात्र आज खोडतो.

म्हणून कावळा ढ ठरतो का? आमच्या गोठ्यातल्या हौदावर तो शिळी कळण्याची भाकरी आणून पाण्यात बुडवतो, मऊ झाली की खातो. ताजी पोळी असली तर पाण्याकडे फिरकतही नाही. आई म्हणायची, "हाऊ कावळा माणूसपेक्षा शाना शे." आता ही अक्कल, सवय की दुसऱ्याचं बघून उचललेलं, हे हौदावरच्या एका कावळ्यावरून ठरत नाही. टीव्हीवाल्याला ते दोन मिनिटांत ठरवायचं असतं. गोची तिथे होते.

पिंजऱ्याचं म्हणाल तर २०११च्या 'फ्रोझन प्लॅनेट'मध्ये ध्रुवीय अस्वलाच्या पिल्लांची दृश्यं नेदरलँड्समधल्या प्राणिसंग्रहालयात घेतली होती. निवेदनात त्याचा पत्ता नव्हता. अॅटनबरोंचं म्हणणं, रानातल्या गुहेत कॅमेरा घातला तर आई पिल्लाला तरी मारेल नाहीतर कॅमेरामनला. कबूल. पण पडद्यावर एक ओळ टाकायला काय जात होतं?

राहिला सातपुडा. इथला रानपिंगळा, म्हणजे एक छोटं घुबड, १८८४ नंतर शंभरावर वर्षं कुणाला सापडला नव्हता. त्यात माइनर्त्झहेगन नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने संग्रहालयातला जुना नमुना चोरून त्याला १९१४ सालची, गुजरातची खोटी चिठ्ठी लावली. शोधणारे चकले. अमेरिकी पक्षीतज्ज्ञ पामेला रासमुसेन यांनी ती लबाडी पकडली, खोटी जागा वगळली, आणि नोव्हेंबर १९९७ मध्ये बेन किंग व डेव्हिड अॅबट यांच्यासह आपल्या शहाद्याजवळ आल्या. पिंगळा सकाळच्या उजेडात निष्पर्ण झाडावर बसलेला! घुबडाच्या जातीचा, पण दिवसा शिकार करणारा.

पुढचा लेख त्याच्यावरच. फोटो कुठला, किती वाजताचा, हे प्रत्येकाखाली लिहीन. तोवर तुमच्या हौदावर एक शिळी भाकरी ठेवून बघा, आणि काय झालं ते इथेच कळवा.