झाकण काढा, तेल आपोआप कमी लागेल : हॅश ब्राऊनवरच्या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार ताई,

कमी तेलातल्या हॅश ब्राऊनच्या, म्हणजे किसलेला बटाटा तव्यावर पसरून कुरकुरीत भाजलेल्या अमेरिकी न्याहारीच्या पदार्थाच्या पाककृतीखाली तुम्ही लिहिलेली प्रतिक्रिया नीट वाचली. तुमचा वैताग समजण्यासारखा आहे. सकाळी घरातली माणसं खायला बसलेली असताना तव्यावर लगदा झाला तर कोणाचाही पारा चढेल. दोन ओळींत आभार मानून मोकळं व्हावं असे तुमचे प्रश्न नाहीत, म्हणून हे सविस्तर उत्तर.

बाकीच्या वाचकांसाठी तुमचं म्हणणं थोडक्यात सांगते. दोन चमचे तेलात बटाटा कुरकुरीत होणं शक्यच नाही. तुम्ही झाकण ठेवून चांगली वाफ आणलीत, तरी कीस खालून चिकटला आणि वरून गिळगिळीत राहिला. बटाटा पिळून पाणी फेकायचं म्हणजे सगळं सत्त्वच फेकायचं. हलकं करायचं होतं तर निम्मा फ्लॉवर किंवा दुधी का नाही घातला? आणि शेवटी, हा आपला उपासाचा बटाट्याचा कीसच तर आहे, त्याला हे नाव कशाला?

सुरुवात झाकणापासून करते, कारण बाकीच्या बऱ्याच गोष्टी तिथेच अडकल्या आहेत.

बटाट्यात वजनाच्या जवळजवळ 80 टक्के पाणी असतं. तव्यावरच्या किसात हे पाणी आहे तोवर त्याचं तापमान 100 अंशांच्या फारसं वर जात नाही. खमंग वास आणि तांबूस रंग यायला साधारण 140 अंश लागतात. म्हणजे पाणी उडेपर्यंत बटाटा फक्त शिजतो, भाजला जात नाही. झाकण ठेवलं की वर गेलेली वाफ झाकणाला लागून थेंबाथेंबाने परत किसात पडते. बटाट्याच्या किसाला नेमकं हेच हवं असतं, म्हणून आपल्या हाताला ती सवय आहे: तूप-जिऱ्याची फोडणी, कीस टाकला, परतला, झाकण, वाफ. हॅश ब्राऊनचं काम याच्या बरोबर उलट आहे. तिथे वाफ बाहेर जायला हवी आणि लवकर जायला हवी. त्यामुळे झाकण अजिबात नाही, एक मिनिटसुद्धा नाही.

आता तेल. तेलाचं मुख्य काम उष्णता पोहोचवण्याचं. किसाचे धागे वेडेवाकडे असतात, तव्याला मोजक्याच ठिकाणी टेकतात. मधली पोकळी तेलाने भरली की उष्णता धाग्यांना सगळीकडून लागते. त्याला तेलाचा पातळ थर पुरतो. कीस ओला असला तर मात्र त्या थराची सगळी उष्णता पाणी उडवण्यात खर्च होते, कीस तव्याला धरतो आणि आपण वरून आणखी तेल सोडतो. मग आणखी. जास्त तेल लागतं ते बटाट्यामुळे नाही, पाण्यामुळे. तेल निम्मं करून बाकी सगळं पूर्वीसारखंच केलं तर तुमच्यासारखाच लगदा होणार, यात मला शंका नाही. पाणी आधी काढलं तरच तेल कमी करता येतं.

म्हणून मी पिळण्यावर इतका जोर देते. किसणीच्या मोठ्या भोकांनी किसलेला बटाटा चक्का बांधायच्या पातळ फडक्यात घ्यायचा, पुरचुंडी करायची आणि पातेल्यावर धरून पीळ द्यायचा. हात दुखू लागेपर्यंत. मग फडकं उघडायचं, कीस बोटांनी मोकळा करायचा आणि पुन्हा पिळायचा. दुसऱ्या वेळी निघालेलं पाणी पाहिलंत की पहिल्यांदा किती आत राहिलं होतं ते दिसेल. आता ते पातेलं दहा मिनिटं न हलवता ठेवा. वर लालसर गढूळ पाणी राहतं आणि तळाशी पांढरा, घट्ट, बोटाला जड लागणारा थर बसतो. तो बटाट्याचा स्टार्च. वरचं पाणी हळूच ओतून टाका आणि तो पांढरा थर खरवडून किसात परत मिसळा. तव्यावर हाच कीस बांधून ठेवतो. अंडं, मैदा, कॉर्नफ्लोअर काही लागत नाही. सत्त्व फेकायला मी सांगतच नाही, ते परत घालायला सांगते.

पाण्याबरोबर काहीच जात नाही असं मात्र म्हणणार नाही. पोटॅशियम आणि क जीवनसत्त्व पाण्यात विरघळतं, त्यातलं थोडं जाणारच. ते तुम्हाला खटकत असेल तर दुसरी पद्धत वापरा, जी मला स्वतःला जास्त आवडते. मध्यम आकाराचे बटाटे सालासकट उकळत्या पाण्यात दहा-बारा मिनिटं ठेवायचे. सुरी आत जाताना मध्यावर अडखळली पाहिजे, इतपतच शिजवायचे. कुकर नको, त्यात नेम राहत नाही. मग रात्रभर फ्रिजमध्ये ठेवून सकाळी साल काढून किसायचे. आतला स्टार्च शिजून, गार होऊन बसलेला असतो, त्यामुळे कीस काळा पडत नाही, पाणी सोडत नाही आणि पिळावाही लागत नाही. स्वित्झर्लंडमध्ये बर्नच्या बाजूला शेतकऱ्यांच्या न्याहारीतून आलेला रोश्टी हा किसलेल्या बटाट्याचा पदार्थ पुष्कळ घरांत असाच आदल्या दिवशीच्या बटाट्यांचा करतात. साल उकडताना तसंच असल्यामुळे आतलं पाण्यात कमी उतरतं.

तवा बिडाचा असेल तर उत्तम. मध्यम आचेवर तीन-चार मिनिटं नीट तापू द्या, मग तेल, आणि मीठ लावलेला कीस लगेच पसरा. मीठ आधी लावून ठेवू नका, पिळलेल्या किसालाही पुन्हा पाणी सुटतं. थर अर्ध्या बोटाच्या जाडीचा, त्याहून जाड नको. आणि मग हात मागे. आपल्याला सतत उलथणं फिरवायची खोड असते. इथे सहा-सात मिनिटं त्याला शिवायचं नाही. कानांनी लक्ष द्या: सुरुवातीला जोराचा चरचराट येतो, तो पाण्याचा. तो हळूहळू उतरून बारीक तडतड ऐकू येऊ लागली आणि कडा तांबूस दिसल्या की खालची बाजू आपण होऊन सुटते. मगच उलटा. दुसऱ्या बाजूला चार-पाच मिनिटं पुरतात. उतरवल्यावर ताटलीत ठेवू नका, जाळीवर ठेवा. बटाट्यातून वाफ जोरात बाहेर येत असते तोवर तेल आत शिरू शकत नाही. तव्यावरून काढल्यावर आतली वाफ थंड होते आणि पृष्ठभागावरचं तेल आत ओढलं जातं. तळणीचे पदार्थ तेलकट होतात ते बरेचसे या क्षणी. ताटलीत खालची बाजू घाम येऊन मऊही पडते, ते वेगळंच.

फ्लॉवर आणि दुधीचा मुद्दा हिशेबाने पाहू. 300 ग्रॅम कच्चा बटाटा म्हणजे सुमारे 230 कॅलरी. चहाचे दोन चमचे तेल, म्हणजे 9 ग्रॅम, त्याच्या 80. दोघांत वाटलं तर माणशी 155. यातला निम्मा बटाटा काढून 150 ग्रॅम फ्लॉवर घातला तर माणशी सुमारे 40 कॅलरी वाचतात. एवढ्या कॅलरी चहाच्या एका चमचा तेलात असतात. फ्लॉवरमध्ये पाणी 90 टक्क्यांच्या वर, दुधीत त्याहूनही जास्त, आणि बांधून ठेवायला स्टार्च जवळजवळ नाही. मग बेसन घाला, कॉर्नफ्लोअर घाला, चिकटतं म्हणून तेल वाढवा. वाचवलेलं सगळं तिथेच परत जातं. दुधी आवडत असेल तर त्याचं थालीपीठ लावा, ते मनापासून चांगलं लागतं. त्याला हॅश ब्राऊन व्हायला लावू नका.

तुलनेसाठी सांगते, अमेरिकेच्या कृषी खात्याच्या तक्त्यात घरी केलेल्या हॅश ब्राऊनच्या 100 ग्रॅममध्ये सुमारे 265 कॅलरी आणि साडेबारा ग्रॅम चरबी धरली आहे. बटाट्याची स्वतःची चरबी नगण्य, म्हणजे जवळजवळ सगळं तेल किंवा लोणी. हा आकडा तयार पदार्थाच्या वजनाचा आहे आणि पाणी उडालेला बटाटा वजनाला हलका होतो. त्यामुळे घरी हिशेब करताना कच्चा बटाटा आणि मोजून घेतलेलं तेल धरा, नाहीतर आकडे फसवतात. तेल बाटलीतून थेट ओतू नका. मोठे चार चमचे सहज पडतात आणि त्यातलं निम्मं जरी पोटात गेलं तरी प्रत्येकाच्या वाट्याला 80 कॅलरी वाढतात.

पाकीटबंद टिक्क्यांबद्दलही लिहिते, कारण 'तेल न घालता ओव्हनमध्ये भाजते' असं बऱ्याच जणी कळवतात. त्या टिक्क्या बहुधा गोठवण्याआधी कारखान्यात अर्धवट तळलेल्या असतात. पाकिटामागची यादी वाचा, तेल तिथे आहे.

बटाटा कोणता घेतलात ते तुम्ही लिहिलं नाही, पण त्यानेही फरक पडतो. अमेरिकेत यासाठी रसेट बटाटा वापरतात. कोरडा, भरपूर स्टार्चचा. आपल्याकडे फेब्रुवारी-मार्चमध्ये येणारा पातळ सालीचा नवा बटाटा रश्शाला झकास, पण इथे तो पाणीदार पडतो. जुना, जाड सालीचा, हाताला टणक बटाटा घ्या. चिप्ससाठी सिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेने काढलेला कुफरी चिपसोना कुठे मिळाला तर फारच छान, त्यात साखर कमी आणि घट्ट भाग जास्त असतो. कच्चा बटाटा फ्रिजमध्ये मात्र ठेवू नका. थंडीत त्यातल्या स्टार्चची साखर होते, आणि मग बाहेरून काळपट, आतून कच्चा असा प्रकार होतो. अशा गोड बटाट्याचा कीस पंधरा मिनिटं पाण्यात भिजवून मग पिळावा. भिजवायला मी फक्त त्याच बाबतीत सांगते. रंग सोनेरी आला की थांबायचं, याचं कारण नुसतं चवीचं नाही. बटाटा जास्त करपला की त्यात अ‍ॅक्रिलामाइड हे अपायकारक मानलं जाणारं रसायन वाढतं. 2002 मध्ये स्वीडनच्या शास्त्रज्ञांनी ते दाखवून दिलं, तेव्हापासून चिप्सवाल्यांनाही रंग सांभाळावा लागतो.

राहिला कीस. मला तो फार प्रिय आहे आणि त्याला कमी लेखायचं माझ्या मनातही नाही. पण तो मऊ, मोकळा, दाण्याच्या कुटाने दाटलेला पदार्थ आहे, आणि शेंगदाण्यात जवळजवळ निम्मं तेलच असतं. हॅश ब्राऊन एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी अमेरिकेतल्या न्याहारीच्या ताटात आला, आणि तिथे तो अंड्यांच्या कडेला असतो, एकटा नाही. वॉफल हाऊस या तिथल्या उपाहारगृहांच्या साखळीत आजही तो तव्यावर पसरून मागतात, कांदा घातलेला वेगळा, चीज घातलेला वेगळा. पसरलेला म्हणजे पातळ थर, जास्त कडा, जास्त कुरकुरीतपणा. त्यावर चीज पडलं की हलकेपणाचा प्रश्न तिथेच संपला. तेव्हा ताटातला वाटा लहान ठेवा, शेजारी एखादं उकडलेलं अंडं किंवा दही, टोमॅटो-काकडी घ्या. तुमच्या मिस्टरांना शुगर आहे असं तुम्ही लिहिलंय. तेल कमी झालं म्हणून बटाट्यातली पिठूळता कमी होत नाही, त्यामुळे त्यांचा वाटा किती हे त्यांच्या डॉक्टरांनाच विचारा. त्या बाबतीत माझ्या पाककृतीवर विसंबू नका.

पुढच्या वेळी अर्धे शिजवून गार केलेले बटाटे घेऊन, झाकणाशिवाय करून बघा आणि काय झालं ते इथेच लिहा. पुन्हा चिकटलं तर तवा बिडाचा होता की नॉनस्टिक आणि आच किती होती, तेवढं आवर्जून सांगा. तिथून पुढे पाहू.