मुद्दल किती हललं?

एरवी कुणाच्या डोक्यावर पन्नास लाखांचं देणं झाल्याचं कळलं, तर नातेवाईक त्याचा फोन उचलायचं बंद करतात. तेच देणं घरासाठी असलं की पेढे मागतात. आमच्याकडेही मागितले. धायरीतला ७० लाखांचा दोन बेडरूमचा फ्लॅट. त्यातले २० लाख आमचे, म्हणजे माझा पीएफ, बायकोची मोडलेली एफडी आणि आईच्या पाटल्या. आणि ५० लाख बँकेचे. पेढे नेमके कुणाच्या पैशांतून आले, हे कुणी विचारलं नाही.

घर केवढ्याला पडलं, असं विचारल्यावर आम्ही तेव्हा सरळ '७० लाख' म्हणायचो. तेव्हा आम्ही सुखी होतो.

पहिली भर मुहूर्ताने घातली. करोनाच्या काळात घरं खपावीत म्हणून राज्य सरकारने मुद्रांक शुल्क कमी केलं होतं. ३१ मार्च २०२१ पर्यंत दोन टक्के सूट होती. आई म्हणाली, "इतकी मोठी वस्तू घेताय, आणि पंधरा दिवसांसाठी कसली घाई? पाडव्याला करा." पाडवा १३ एप्रिलला होता. ७० लाखांचे दोन टक्के म्हणजे १ लाख ४० हजार. साडेतीन मुहूर्तांतला अख्खा मुहूर्त एवढ्याला पडतो, तर अर्धा ७० हजारांत मिळाला असता का, असं मी विचारलं तेव्हा बायकोने टेबलाखालून चिमटा काढला. त्यातून पाडव्याला गेलं ते नुसतं टोकन. त्याच आठवड्यात निर्बंध कडक झाले आणि करारनामा नोंदवायला जून उजाडला.

मग नोंदणी फी ३० हजार, प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, बँकेच्या माणसाने फ्लॅटला बाहेरून बघितल्याचे पैसे. शिवाय एक विमा. मी मध्येच गेलो तर कर्ज फिटावं म्हणून तो घ्यायचा, त्याचा प्रीमियम एकरकमी भरायचा, आणि एवढे पैसे नसतील तर तेही कर्जातच घालून देतो, असं बँकेचा प्रतिनिधी म्हणाला. म्हणजे मी गेल्यावर काय होईल या काळजीवरसुद्धा २० वर्षं व्याज. मी नको म्हटलं आणि बाहेरून साधा टर्म प्लॅन घेतला. प्रतिनिधीने माझ्याकडे असं बघितलं, की मी दीर्घायुषी होण्याचा उद्धटपणा करतोय.

हा प्रतिनिधी फार गोड मुलगा होता. त्याच्या तोंडून मी 'व्याज' हा शब्द एकदाही ऐकला नाही. तो फक्त ईएमआय बोलायचा. "सर, ३८ हजार १८ रुपये फक्त. दिवसाला तेराशेसुद्धा नाहीत." पुण्यात दिवसाला तेराशे कशाकशावर जातात याची त्याने यादीही दिली. मला ३८ हजार जमण्यासारखे वाटले. ते किती वेळा द्यायचे, हा प्रश्न त्या गोड वातावरणात विचारणं बरं दिसलं नसतं.

तो विचारला बाबांनी. बाबा पोस्टातून निवृत्त झालेले, साताऱ्याला असतात. कुठलाही कागद ते खालून वर वाचतात, कारण खरी गोष्ट तळाशी असते असा त्यांचा नोकरीतला अनुभव आहे. बँकेने ईमेलवर पाठवलेला परतफेडीचा तक्ता मी कौतुकाने छापून आणला होता. २४० ओळींचा. बाबांनी शेवटचं पान उघडलं, चष्मा कपाळावर ढकलला, परत खाली आणला.

"हे ९१ लाख २४ हजार काय आहे?"

"एकूण भरायचे पैसे."

"घेतले किती?"

"पन्नास."

बाबा काही बोलले नाहीत. त्यांनी पहिलं पान उघडून पहिल्या ओळीवर नख ठेवलं. हप्ता ३८,०१८. त्यात व्याज २८,१२५. मुद्दल ९,८९३.

"हे उलटं छापलंय," बाबा म्हणाले.

त्यांच्या दृष्टीने ते खरंच उलटं होतं. बाबांनी साताऱ्याचं घर सरकारी घरबांधणी अग्रिमावर बांधलं. त्या कर्जाची रीत अशी, की पगारातून आधी मुद्दल कापून घ्यायचं, ते पूर्ण फिटलं की मग व्याज. तेही सरळव्याज. १५ वर्षं मुद्दल, ५ वर्षं व्याज, असा सभ्य गृहस्थाचा व्यवहार. आधी ज्याचं त्याला परत करावं, मग आभार म्हणून वर थोडं द्यावं, असं त्यांना ते वाटत असणार. इथे बँक आभार आधीच वसूल करत होती.

मी त्यांना समजावायला बसलो. बँक आधी व्याज घेते असं लोक म्हणतात, पण तसा काही डाव नसतो. दर महिन्याला जेवढं मुद्दल शिल्लक असेल, तेवढ्यावर त्या महिन्याचं व्याज लागतं. ५० लाखांवर पावणेसात टक्क्यांनी महिन्याचे २८ हजार १२५ होतात. ते हप्त्यातून वजा केले की उरेल ते मुद्दलाला. सुरुवातीला शिल्लक म्हणजे जवळजवळ सगळंच कर्ज, म्हणून व्याज मोठं. पुढे मुद्दल घटत जातं तसं व्याजही घटतं.

"पुढे म्हणजे कधी?"

मी तक्ता चाळला. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त व्हायला पावणेदहा वर्षं लागत होती. निम्मं मुद्दल, म्हणजे २५ लाख, फिटायला १३ वर्षं.

"म्हणजे २० पैकी १३ वर्षं झाली तरी अर्धं कर्ज तसंच," बाबा म्हणाले, आणि जेवायला उठले. पहिल्या वर्षात मुद्दल सव्वा लाखाने कमी होणार होतं. वरण वाढून घेताना त्यांनी त्याचा चौरस फुटांत हिशेब केला आणि सुनेला सांगितलं, की वर्षअखेरीला हा स्वयंपाकघराचा ओटा तुझा झाला समज, गॅसखालचा भाग सोडून.

तेव्हापासून दर रविवारी बाबांचा फोन येतो. "मुद्दल किती हललं?" नातवाची चौकशी त्यानंतर.

ऑफिसमध्ये मी हे दुःख मांडलं, तर एका सहकाऱ्याने मला वेड्यात काढलं. "अरे, टॅक्स वाचतो ना! होम लोन कधी फेडायचंच नसतं." प्रत्येक ऑफिसात असा एक जण असतो. त्याचं सगळं आयुष्य टॅक्स वाचवण्यात चाललेलं असतं. मी घरी जाऊन आकडे मांडले. पहिल्या वर्षी व्याज गेलं ३ लाख ३४ हजार. राहत्या घराच्या व्याजावर वजावट जास्तीत जास्त २ लाखांची. ३० टक्क्यांच्या टप्प्यात उपकर धरून त्यावर कर वाचला ६२ हजार ४००. म्हणजे सरकारला ६२ हजार द्यावे लागू नयेत म्हणून बँकेला ३ लाख ३४ हजार द्यायचे. पुढे २०२३ मध्ये नवी करप्रणाली हीच मुख्य झाली, तिच्यात राहत्या घराच्या व्याजाची ही वजावटच नाही. सहकाऱ्याने नवी प्रणाली घेतली. आता तो त्यात टॅक्स कसा वाचतो ते सांगतो.

तरी इथवर ठीक चाललं होतं. आमचं कर्ज होतं फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराचं. रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते त्या रेपो रेटला बांधलेलं. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी नवी फ्लोटिंग गृहकर्जं अशी बाहेरच्या दराला जोडायची असा नियम झाला. आम्ही कर्ज घेतलं तेव्हा रेपो ४ टक्क्यांवर, गाढ झोपलेला. प्रतिनिधी म्हणाला होता, "सर, इतका कमी दर मी माझ्या करिअरमध्ये बघितला नाही." त्याचं करिअर दोन वर्षांचं होतं हे सोडा, पण वाक्य खरं होतं. आणि दर जर इतका खाली असेल तर तो पुढे कुठल्या दिशेला जाईल, हे त्या वाक्याच्या पोटात होतं.

मे २०२२ मध्ये रेपो उठला, आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहावर जाऊन बसला. अडीच टक्के वाढ. आमचा दर पावणेसातचा सव्वानऊ झाला. गंमत म्हणजे हप्ता एका रुपयाने वाढला नाही. बँकेचा एसएमएस यायचा, की व्याजदरातील बदलानुसार आपल्या कर्जाची मुदत सुधारित करण्यात आली आहे. 'सुधारित' वाचून बायको म्हणाली, बघ, चांगली आहे बँक.

एका रविवारी बाबांच्या फोनआधी मी एक्सेल उघडलं. तोवर साडेसात लाखांच्या वर भरले होते. मुद्दल दोनेक लाखांनी हललं होतं. शिल्लक साधारण ४८ लाख. सव्वानऊ टक्क्यांनी त्याचं महिन्याचं व्याज ३७ हजार. हप्ता ३८ हजार १८. म्हणजे दरमहा मुद्दलाला मिळणार १ हजार १८ रुपये. एवढ्यात हल्ली सोसायटीचा मेंटेनन्ससुद्धा भागत नाही. या वेगाने कर्ज कधी फिटेल, याचं सूत्र घालून मी एंटर दाबलं. ४७१ महिने. ३९ वर्षं आणि वर तीन महिने.

मी तेव्हा ४१ वर्षांचा होतो. म्हणजे शेवटचा हप्ता आणि माझं सहस्रचंद्रदर्शन एकाच सुमाराला. भटजींना एकाच दिवशी बोलावून दोन्ही उरकता आलं असतं.

इतका लांबचा ऋणानुबंध बँकेलाही नको होता. शाखेत गेलो तर तिथल्या बाईंनी स्क्रीन बघून सांगितलं, "३० वर्षांच्या पुढे सिस्टीम घेत नाही सर. तुम्हाला हप्ता वाढवावा लागेल." मूळच्या मुदतीत फेडायचं तर किती, विचारलं. ४५ हजार ४००च्या आसपास. महिन्याला ७ हजार ४०० जास्त. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनेच बँकांना सांगितलं, की दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारा. परस्पर ठरवू नका. त्यावरून कळलं, की सहस्रचंद्रदर्शनाच्या रांगेत मी एकटा नव्हतो.

शाखेतून बाहेर पडताना दारावरच्या फलकाकडे लक्ष गेलं. नव्या ग्राहकांसाठी गृहकर्ज माझ्या दरापेक्षा पाऊण टक्का स्वस्त होतं, शेजारी डोळ्यांत न भरणारी चांदणी. मी आत परत गेलो. बाई म्हणाल्या, "ते नवीन कस्टमरला. तुमचा स्प्रेड, म्हणजे रेपोवर बँक लावते तो वरचा टक्का, जुना आहे. पण कन्व्हर्जन फी भरली तर करता येईल." म्हणजे बँकेशी दोन वर्षं इमाने राहिल्याचा दंड भरला, की बँक आपल्याला अनोळखी समजून चांगलं वागवते. मी भरली. हिशेब केला तर ती काही महिन्यांतच वसूल होत होती. ज्यांचं कर्ज जुनं आहे त्यांनी एकदा शाखेत जाऊन आपला स्प्रेड विचारावा, हे मी लग्नाच्या पंगतीतही सांगत असतो. हल्ली माझ्या शेजारची खुर्ची बहुतेक रिकामी असते.

बाबांना हे सगळं फोनवर सांगितलं, तेव्हा त्यांनी एकच विचारलं. मधेच पैसे भरले तर घेतात का? घेतात. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीला दंड लावता येत नाही, आणि हा नियम २०१२ पासूनचा आहे. मग मी त्यांना मासला म्हणून आकडा सांगितला. ५० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं असं कर्ज असेल आणि अगदी सुरुवातीला एक लाख जास्तीचे भरले, तर शेवटचे १२ हप्ते गळतात. एकाचे सव्वापाच लाख वाचतात.

फोनवर बराच वेळ शांतता. "आणि तुम्ही पेढे वाटलेत," बाबा म्हणाले.

पुढच्याच आठवड्यात ते साताऱ्याहून एक लाखाचा चेक घेऊन आले. पोस्टातली मासिक प्राप्ती योजना मोडून. मी नको म्हणत होतो, पण त्यांना मुद्दल हलताना स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं. आम्ही दोघं शाखेत गेलो. बाईंनी पैसे घेतले, टाइप केलं आणि म्हणाल्या, "झालं. पुढच्या महिन्यापासून हप्ता नऊशेने कमी."

"हप्ता नको," बाबा काउंटरवर झुकले, "वर्षं कमी करा."

"सिस्टीम बाय डिफॉल्ट हप्ता कमी करते, आजोबा."

"मग सिस्टीमला सांगा."

लेखी अर्ज दिला, मॅनेजरची सही झाली, मधे जेवणाची सुट्टी झाली. तेवढ्या वेळात बाबांनी बाकावर बसलेल्या, कर्ज घ्यायला आलेल्या एका जोडप्याला तक्ता खालून वर कसा वाचायचा हे शिकवलं. ते जोडपं चहा पिऊन येतो म्हणून गेलं ते आलंच नाही.

घरी येताना रिक्षात बाबा जरा नरमले. म्हणाले, सुरुवातीला त्यांचा तीन आकडी हप्ताही पगाराला जड होता, आई महिनाअखेरीला पोळ्या मोजून करायची. आणि शेवटी शेवटी तेवढ्या पैशांत महिन्याचं दूधसुद्धा येत नव्हतं. "तुझे ४५ हजारही २०४१ मध्ये चिल्लर वाटतील." हे मला चक्रवाढीच्या सगळ्या सूत्रांपेक्षा जास्त पटलं. फक्त तोवर पगारही तसाच वाढायला हवा, आणि तो वाढवणाऱ्यांच्या तक्त्यात अशी काही ओळ मला अजून दिसलेली नाही.

२०२५ मध्ये रेपो चार वेळा खाली आला, एकूण सव्वा टक्का. चढताना आमचा दर त्याच्या पाठोपाठ धावला होता. उतरताना मात्र बँक रीसेटच्या तारखेची वाट बघते. नियमाप्रमाणे तीन महिन्यांतून एकदा तरी दर बदलायचा असतो. तिने तेवढा पूर्ण वेळ घेतला. बायकोने उतरलेल्या व्याजाचा सोफा आधीच बघून ठेवला होता. मी हप्ता तोच ठेवला. सोफ्याबद्दल घरात अजून बोलणी चालू आहेत.

गेल्या रविवारी बाबा इथेच होते. माझ्या मोबाइलवर बँकेचा फोन आला, मी आंघोळीला गेलेलो, त्यांनीच उचलला. स्पीकरवरचं सगळं मला बाथरूममध्ये ऐकू येत होतं.

"सर, तुमचं रिपेमेंट रेकॉर्ड खूप छान आहे. तुम्हाला दहा लाखांचं टॉप-अप लोन प्री-अप्रूव्ह्ड आहे. कशासाठीही वापरा सर. इंटिरिअर, फॉरेन टूर..."

"देता?" बाबा म्हणाले.

"हो सर, आजच!"

"ठीक आहे. पण आमच्याकडे आधी मुद्दल देतात. व्याज नंतर. चालेल?"

पलीकडून बराच वेळ नुसतं कीबोर्ड बडवल्याचा आवाज येत होता. मग ती मुलगी म्हणाली, "सर, असं ऑप्शन दिसत नाहीये. मी सीनियरना विचारून कॉल बॅक करते." बाबांनी तिला साताऱ्याचा लँडलाइन नंबर दिला.