हप्ता तोच, वर्षे किती?

फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात कॅनडातल्या आमच्या मिसिसागाच्या घरी बँकेचे एक पाकीट आले आणि त्याच आठवड्यात आमच्या कुटुंबाच्या व्हॉट्सअ‍ॅप गटावर गृहकर्जावरून वाद पेटला. भाच्याला पुण्याजवळ रावेतला टू बीएचके घ्यायचा आहे आणि त्यासाठी ५० लाखांचे कर्ज काढावे लागणार आहे. ताईचे म्हणणे असे की भाडे म्हणजे पाण्यात घातलेले पैसे, तेवढ्याच पैशात स्वतःचे घर होत असेल तर विचार कसला करायचा. धाकट्या भावाने स्वतःचाच दाखला दिला: "डिसेंबर २०२० ला कर्ज घेतलं, आजपर्यंत हप्ता एक रुपयाने वाढलेला नाही." मी काही लिहायच्या आत भाच्याने मला गप्प केले: "मामा, तुमच्याकडे चार टक्क्यांनी कर्ज मिळतं, तुम्हाला आमचं दुखणं काय कळणार?"

दुखणे मला कळते, कारण त्या पाकिटात तेच होते. पण त्याकडे नंतर येतो. गटावर दीडशेच्या वर संदेश पडले आणि सगळे दोनच आकड्यांभोवती फिरत राहिले, व्याजाचा दर आणि महिन्याचा हप्ता. वर्षे किती, हे कोणी विचारले नाही. परदेशात चौदा वर्षे काढल्यावर आणि दोन देशांतील कर्जे जवळून पाहिल्यावर माझे मत असे झाले आहे की घराच्या कर्जाची खरी किंमत मुदतीत असते, आणि हप्ता हा ती किंमत झाकण्यासाठीच जणू शोधलेला आकडा आहे.

भाच्याचेच कर्ज घेऊ. ५० लाख, ८ टक्के, २० वर्षे. हप्ता ४१,८२२ रुपये येतो. दर आहे तसाच राहिला असे धरले, तर वीस वर्षांत तो सुमारे १ कोटी ३७ हजार भरेल, म्हणजे मुद्दल ५० लाख आणि व्याजही ५० लाखांहून थोडे अधिक. पहिल्या हप्त्यातले ३३,३३३ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फक्त ८,४८९ रुपयांनी उतरते. निम्मे मुद्दल फिटायला साडेतेरा वर्षे लागतात. बँकेने त्याला तीस वर्षांचा पर्यायही दिला आहे आणि त्याला तो आवडला आहे, कारण हप्ता ३६,६८८ वर येतो, म्हणजे दरमहा पाच हजारांची मोकळीक. त्या मोकळिकीचे एकूण बिल मात्र सुमारे ३१ लाख ७० हजार रुपये जादा व्याज असे आहे. उलट दिशेने गेले आणि पंधरा वर्षांची मुदत घेतली, तर हप्ता जेमतेम सहा हजारांनी वाढतो आणि १४ लाखांहून अधिक व्याज वाचते. दर तिन्ही वेळा आठच टक्के आहे. ज्या अर्ध्या टक्क्यासाठी आपण तीन बँकांचे उंबरठे झिजवतो, त्याच्या कितीतरी पट पैसे अर्जातल्या "मुदत" या एका रकान्यात ठरून जातात, आणि तो रकाना बहुधा समोर बसलेला एजंट भरतो.

येथे जरा विषयांतर करतो. आपल्याकडे दामदुपटीचा जुना नियम होता: सावकाराला एका वेळी मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करता येत नसे, आणि मुंबई इलाख्यातील न्यायालये हिंदू ऋणकोंच्या बाबतीत तो मानत असत. नियम थकलेल्या व्याजापुरता होता, नियमाने भरत गेलेल्या हप्त्यांना तो लागू होत नाही, हे मला ठाऊक आहे. तरीही मुद्दलाइतके व्याज झाले की कुठेतरी थांबून हिशेब पाहावा, एवढी जाणीव त्या शब्दात होती. वीस वर्षांच्या कर्जात आपण ती रेषा कधी ओलांडतो, हे आज कोणाच्या लक्षातही येत नाही.

भाच्याची दोन उत्तरे तयार होती. पहिले करसवलतीचे. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते; ही मर्यादा २०१४ च्या अर्थसंकल्पापासून तीच आहे. तीस टक्क्यांच्या पायरीवर असलेल्याचे त्यातून उपकरासह ६२,४०० रुपये वाचतात, आणि पहिल्या वर्षी त्याचे व्याज जाते ३ लाख ९६ हजार. शिवाय त्याने नवी करपद्धत निवडली आहे आणि तिच्यात अशा घरासाठी ही वजावट मिळतच नाही, हे त्याला माझ्याकडून कळले. दुसरे उत्तर अधिक दमदार आहे. मुदत लांब ठेवावी, हप्ता कमी ठेवावा आणि उरलेले पैसे एसआयपीत, म्हणजे दरमहा ठरावीक रक्कम म्युच्युअल फंडात, घालावेत. महागाईमुळे वीस वर्षांनंतरचा रुपया हलका झालेला असेल, मग आजचा जड रुपया बँकेला का द्यावा? हे गणित चुकीचे नाही. फक्त ते ज्याच्या हातून खरोखर दरमहा पाच हजार बाजूला पडतात त्याच्यासाठीच बरोबर आहे, आणि त्यातही बाजाराचा परतावा अंदाजाचा असतो तर कर्जाचे व्याज ठरलेले असते. मी ओळखत असलेल्या बहुतेकांचे ते पाच हजार गाडीच्या हप्त्यात जातात. माझेही गेले होते.

आता चार टक्क्यांच्या कॅनडाविषयी. येथे कर्ज पंचवीस वर्षांच्या हिशेबाने बांधले जाते. पण दराचा करार बहुधा पाचच वर्षांचा असतो. पाच वर्षे संपली की उरलेल्या रकमेवर त्या दिवशीच्या दराने नवा करार करावा लागतो. पाच हा आकडा असा रूढ होण्यामागे एक जुना कायदा आहे: पाच वर्षांहून लांब मुदतीचे गहाण व्यक्तीने घेतले असेल, तर पाच वर्षांनंतर तीन महिन्यांचे व्याज भरून तिला ते फेडून टाकता येते, म्हणून बँकांना त्यापलीकडे दर बांधून देण्यात फारसे स्वारस्य उरत नाही. अमेरिकेसारखा तीस वर्षे न हलणारा दर येथे सर्रास मिळत नाही. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर करसवलत नाही. घर विकताना झालेल्या नफ्यावर कर नाही, हे मात्र आहे. स्वतःचे पैसे वीस टक्क्यांहून कमी घातले तर कर्जाचा विमा सक्तीचा असतो आणि पाचच टक्के घातले तर त्याचा हप्ता कर्जाच्या चार टक्के पडतो; तो बहुधा कर्जातच मिळवला जातो, म्हणजे बँकेला आपल्यापासून वाचवणाऱ्या विम्यावर पंचवीस वर्षे व्याज आपण भरायचे.

आम्ही २०२१ च्या सुरुवातीला ५ लाख डॉलरचे कर्ज २ टक्क्यांनी घेतले. हप्ता २,११७ डॉलर होता. त्या काळात येथील मध्यवर्ती बँकेचा, बँक ऑफ कॅनडाचा, दर पाव टक्का होता. मार्च २०२२ पासून तो चढू लागला आणि जुलै २०२३ मध्ये ५ टक्क्यांवर पोचला. बांधलेल्या दरामुळे आम्हाला त्याची झळ लागली नाही, आणि त्या दिवसांत मीही धाकट्या भावासारखाच बोलत असे. फेब्रुवारीतल्या त्या पाकिटात नूतनीकरणाचे पत्र होते. शिल्लक ४ लाख १८ हजारांच्या थोडी वर, नवा दर ४ टक्के, आणि उरलेल्या वीस वर्षांत फेडायचे तर हप्ता २,५३१ डॉलर. महिन्याला चारशेहून अधिक डॉलरची वाढ. बँकेच्या सल्लागार बाईंनी फोनवर अतिशय आपुलकीने तोड सुचवली: नव्याने तीस वर्षांचे करून घ्या, हप्ता १,९९२ वर येईल, म्हणजे आजच्याहूनही कमी. मी कागद घेऊन बसलो. वीस वर्षांत एकूण ६ लाख ७ हजार डॉलर जातात, तीस वर्षांत ७ लाख १७ हजार. त्या आपुलकीची किंमत १ लाख १० हजार डॉलरच्या आसपास होती, आणि कर्ज फिटेल तेव्हा मी सत्तरी ओलांडलेली असेन.

ज्यांनी बदलता दर घेऊन हप्ता मात्र स्थिर ठेवला होता, त्यांचे २०२२-२३ मध्ये याहून वाईट झाले. दर इतका वाढला की पूर्ण हप्ता व्याजालाच पुरेना आणि न भरलेले व्याज मुद्दलात मिळू लागले. काही मोठ्या बँकांच्या ताळेबंदांत पस्तीस वर्षांहून अधिक मुदत उरलेल्या कर्जांचा वाटा त्या काळात बराच फुगला होता. पण येथे एक गोष्ट माणसाला वाचवते, आणि तीच त्याला रडवतेही. पाच वर्षांचा करार संपला की कर्ज पुन्हा मूळ वेळापत्रकावर आणावे लागते, किंवा मुदत वाढवायची असेल तर तसे मागून, सही करून घ्यावे लागते. लांबलेली वर्षे त्या दिवशी टेबलावर येतात.

भारतातील कर्जात असा दिवस कधीच येत नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या बदलत्या दराच्या नव्या गृहकर्जांचे दर रेपोसारख्या (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो दर) बाहेरच्या मापदंडाशी जोडले गेले. ही सुधारणा चांगलीच होती, कारण त्याआधी दर उतरल्याचा लाभ ग्राहकापर्यंत पोचायला फार वेळ लागे. पण मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला तेव्हा बहुतेकांचे हप्ते तसेच राहिले आणि वर्षे वाढली. ग्राहकाला एक एसएमएस आला असेल, तो ओटीपी आणि जाहिरातींच्या गर्दीत गेला असेल. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने हे रोखायचा प्रयत्न केला: दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, ही निवड कर्जदाराला दिली पाहिजे, आणि दर तिमाहीच्या पत्रकात वसूल झालेले मुद्दल, व्याज व उरलेल्या हप्त्यांची संख्या दाखवली पाहिजे. नियम चांगला आहे. पण निवड दिली आहे हे ज्याच्या लक्षातच येत नाही, त्याची निवड आपोआप मुदतवाढीची होते.

एका बाबतीत मात्र मायदेशाचे पारडे स्पष्टपणे जड आहे आणि गटावर त्याचा उल्लेख कोणीही केला नाही. व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर भारतात मुदतपूर्व फेडीचा दंड नाही. बँकांना २०१२ पासूनच तो लावता येत नाही. दिवाळीचा बोनस मिळाला, गावाकडची जमीन विकली, वाटेल तेव्हा वाटेल तेवढे भरा. येथे माझ्या करारानुसार वर्षाला मूळ कर्जाच्या पंधरा टक्क्यांपर्यंतच जादा भरता येते, त्यापुढे दंड. आणि बांधलेल्या दराचे कर्ज मध्येच मोडले, तर बँक आपले बुडणारे व्याज मोजून घेते. माझ्या एका सहकाऱ्याने बदलीमुळे करार मोडला तेव्हा त्याला १४ हजार डॉलर भरावे लागले. चार टक्क्यांची असूया वाटणाऱ्यांनी ही बेडीही पाहावी. भाच्याला मी लिहिले ते इतकेच: मुदत वीसच ठेव, पहिल्या पाच वर्षांत जमेल तेवढे मुद्दलात भर, आणि प्रत्येक वेळी हप्ता कमी न करता मुदत कमी करायला सांग.

भाडे की घर, या वादात मी पडलो नाही. ताईचा हिशेब व्याजही पाण्यातच जाते हे धरत नाही, सोसायटीची वर्गणी आणि मुद्रांक शुल्क धरत नाही. पण तिने आयुष्यात नऊ भाड्याची घरे बदलली आहेत, आणि त्या वणवणीला माझ्या तक्त्यात रकाना नाही.

राहिला धाकटा भाऊ. त्याचे कर्ज ३० लाखांचे, ६.९ टक्के, वीस वर्षे, हप्ता २३,०७९ रुपये. मी त्याला एकच काम सांगितले: शेवटचे तिमाही पत्रक काढ आणि उरलेल्या हप्त्यांचा आकडा पाठव. बासष्ट हप्ते भरून झाले होते, म्हणजे १७८ उरायला हवे होते. त्याने स्क्रीनशॉट पाठवला आणि खाली काहीच लिहिले नाही. आकडा २६० होता. सव्वापाच वर्षांत त्याने १४ लाख ३० हजार रुपये भरले होते आणि मुद्दल १ लाख ८३ हजारांनी उतरले होते. दर शिखरावर असताना त्याच्या हप्त्यातले जेमतेम सहाशे रुपये मुद्दलाला लागत होते. पुढे रेपो ५.२५ टक्क्यांपर्यंत खाली आला, त्याचा दर ८.१५ झाला, तरी मुदत मूळ जागी परत आली नाही.

त्या रात्री आम्ही फोनवर दोघांचे आकडे शेजारी मांडले. मूळ मुदतीवर परत यायचे तर त्याचा हप्ता २७,३०० च्या आसपास जाईल, दरमहा सव्वाचार हजारांचा बोजा. माझा चारशे डॉलरचा. मी वीस वर्षांच्या रकान्यावर खूण करून कागद परत पाठवला आहे. त्याने बँकेत अर्ज दिला आहे, मात्र धाकटीची शाळेची फी जूनमध्ये भरायची असल्याने वाढीव हप्ता जुलैपासून लावावा अशी विनंती त्यात केली आहे. भाच्याने अजून मुदत ठरवलेली नाही.