‘वाट मागू नका, घुसा’ म्हणणाऱ्या त्या पोस्टचा समाचार

इंदूरच्या गेमिंग ग्रुपांत एक लांबलचक पोस्ट फिरते आहे. ती वडोदऱ्याच्या भाच्यापर्यंत पोचली, आणि ‘युरोपा युनिव्हर्सालिस ४’ या ऐतिहासिक राज्यं चालवायच्या कॉम्प्युटर गेममधला, माळव्याचं राज्य घेऊन खेळत असलेला त्याचा चांगला चाललेला डाव तिने दोन संध्याकाळींत मातीत घातला. ‘मामा, पोस्टमध्ये तर असंच लिहिलं होतं’ हे ऐकल्यावर गप्प बसणं शक्य नव्हतं.

पोस्टचं म्हणणं थोडक्यात असं. युरोपा युनिव्हर्सालिस ४सारख्या गेममध्ये तटस्थ देशाकडे मिलिटरी अ‍ॅक्सेस (आपली फौज त्याच्या मुलखातून नेण्याची परवानगी) मागत बसणं हा बावळटपणा आहे, नकार आला की डाव अडकतो. इतिहासात बलवानाने कधी कुणाला वाट मागितली नाही, मराठ्यांनी तर नाहीच. गेम बनवणाऱ्यांनी जबरदस्तीने जाण्याचं बटण मुद्दाम दिलेलं नाही. शत्रूला मात्र सगळीकडून जाऊ देतात, म्हणजे एआय (कॉम्प्युटर खेळवतो ते देश) चीट करतो. सगळ्या स्ट्रॅटेजी गेमची हीच रड आहे. तेव्हा ब्लॅक फ्लॅगची युक्ती वापरा आणि घुसा.

भाच्याचा डाव बुडाला तो या शेवटच्या सल्ल्यामुळे, म्हणून आधी तोच घेतो.

युक्ती अशी: शेजाऱ्याकडून अ‍ॅक्सेस घ्यायचा, फौज त्याच्या मुलखात न्यायची, मग आपणच अ‍ॅक्सेस रद्द करायचा. फौज ‘एक्झाइल्ड’ होते, झेंडा काळा होतो आणि त्या अवस्थेत कुठल्याही देशातून चालता येतं, कुणी अडवत नाही. इथवर बरोबर आहे. पुढचं वाक्य मात्र असं की, शत्रूच्या राजधानीच्या प्रांतात जाऊन उभे राहा, तिथूनच युद्ध पुकारा, पहिल्या दिवसापासून वेढा सुरू.

वेढा कसला डोंबलाचा? एक्झाइल्ड फौज लढू शकत नाही आणि वेढाही घालू शकत नाही. ही सोय गेममध्ये आहे ती तह झाला तेव्हा परक्या मुलखात खोलवर अडकलेल्या फौजेला घरी चालत येता यावं म्हणून. काळा झेंडा उतरवायचा तर फौजेने आधी स्वतःच्या हद्दीत परत यायला हवं. युद्ध पुकारल्याने तो उतरत नाही. म्हणजे वीस रेजिमेंट, वीस हजार माणसं, शत्रूच्या राजधानीत उभी आहेत, त्यांचा पगार महिन्याच्या महिन्याला खजिन्यातून जातो आहे आणि ती करत काय आहेत तर प्रेक्षणीय स्थळं बघत आहेत. सुरुवातीच्या काळात माळव्यासारख्या राज्याची जवळजवळ सगळी फौज हीच असते. शत्रू तेवढ्यात माळव्याच्या रिकाम्या राजधानीवर, मांडूवर, येऊन बसतो. फौज उलट फिरवावी तर पोचेपर्यंत किल्ले पडलेले. भाच्याच्या डावात नेमकं हेच झालं. पोस्टवाल्याने ही युक्ती स्वतः एकदाही करून पाहिली नसावी. उंटावरून शेळ्या हाकायला पैसे पडत नाहीत.

आता इतिहास. ‘बलवानाने कधी वाट मागितली नाही’ हे वाक्य एवढं ठणकावून लिहिलंय की वाचणाऱ्याला वाटावं, याने दफ्तरं चाळली असतील.

माळव्यातल्या माणसाने तरी हे लिहू नये, कारण उलटा दाखला आपल्याच आसपासच्या मुलखातला आहे. पहिल्या इंग्रज-मराठा युद्धात कंपनीने मुंबईच्या इंग्रजांच्या मदतीला बंगालची फौज खुष्कीच्या मार्गाने पाठवली. मे १७७८मध्ये कर्नल लेस्ली काल्पीजवळ यमुना उतरला. तोफा, सहा पलटणी, घोडदळ, सगळं बरोबर. बुंदेलखंडात शिरल्यावर तिथल्या राजांच्या भांडणांत आणि वाटेतल्या चकमकींत तो असा गुंतला की पावसाळा अंगावर आला आणि महिनेच्या महिने फौज तिथेच रुतली. कलकत्त्याहून त्याला परत बोलावण्याचं ठरलं, पण त्याआधीच ऑक्टोबरात तो वारला. त्याच्या जागी आलेल्या गॉडर्डने तीच फौज पुढे नेली. भोपाळच्या नवाबाने त्याला अडवलं नाही, रसद पुरवली. होशंगाबादला नर्मदा उतरल्यावर तो तिथे थांबला आणि नागपूरकर भोसल्यांशी बोलणी केली. मग बऱ्हाणपुरावरून फेब्रुवारी १७७९च्या अखेरीस सुरत गाठली. सरदार बदलला, फौज तीच. जिथे वाटेतल्यांशी भांडण तिथे महिने गेले, जिथे बोलणी आणि रसद तिथे वाट उलगडली. त्या वेळची कंपनी काही दुबळी नव्हती.

‘मराठ्यांनी तर नाहीच’ याबद्दल: दख्खनच्या चौथाई-सरदेशमुखीच्या सनदा १७१९मध्ये बादशहाकडून रीतसर मिळवल्या होत्या, त्या काही भिंतीवर टांगायला नव्हे. फौज मुलखात फिरवायची तर हातात हक्काचा कागद असावा हे पुण्यात चांगलं ठाऊक होतं. आणि जिथे कागद नसताना फौज शिरली तिथे लढाई झाली, शत्रुत्व झालं, पिढ्यान्‌पिढ्यांचं वैर झालं. गेममध्येही ती सोय आहेच. तिला युद्ध पुकारणं म्हणतात.

युरोपातला दाखला तर गेमच्या कालखंडातलाच आहे. १८०५मध्ये नेपोलियनला उल्मजवळच्या ऑस्ट्रियन फौजेला घेरायचं होतं. त्याचा सेनापती बर्नादोत याचं कोर (मोठी तुकडी) वळसा न घालता थेट प्रशियाच्या आन्सबाखमधून गेलं, न विचारता. लष्करी हिशेबाने डाव जमला, ऑक्टोबरात उल्म शरण आलं. पण तोवर तटस्थ असलेला प्रशियाचा राजा असा भडकला की रशियन फौजांना तोवर नाकारलेली वाट त्याने सायलेशियातून मोकळी करून दिली, आणि ३ नोव्हेंबरला पोट्सडामला झारशी करार केला. एकाने वाट घेतली तशी दुसऱ्यालाही मिळाली. हे वाक्य लक्षात ठेवा, गेमच्या एका नियमाशी त्याचा संबंध खाली येतो. आता पोस्टवाला म्हणेल, पण नेपोलियनचं काय बिघडलं? खरं आहे, डिसेंबरात ऑस्टरलिट्झ जिंकल्यावर प्रशियाने माघार घेतली. ऑस्टरलिट्झ जिंकायची खात्री असेल तर खुशाल घुसा.

१९१४ची गोष्ट सगळ्यांना माहीत असते, तरी पोस्टमध्ये तिचा पत्ता नाही. जर्मनीने २ ऑगस्टला बेल्जियमकडे वाट मागितली, उत्तराला बारा तास दिले. म्हणजे त्या काळची युरोपातली सगळ्यात बलाढ्य फौजसुद्धा आधी मागतेच. बेल्जियमने नाही म्हटलं. ४ ऑगस्टला जर्मन फौज घुसली आणि त्याच दिवशी ब्रिटन युद्धात उतरलं. जर्मन चान्सलरने त्या दिवशी संसदेत स्वतःच कबूल केलं की हे आंतरराष्ट्रीय कायद्याचं उल्लंघन आहे. लिएजच्या किल्ल्यांनी पुढे १६ ऑगस्टपर्यंत दम काढला तो वेगळाच.

कायदा म्हणजे नेमकं काय, तर १९०७चा पाचवा हेग करार. त्याचं कलम २ लढणाऱ्या पक्षांना तटस्थ मुलखातून फौज किंवा दारूगोळ्याचे तांडे नेण्यास मनाई करतं. कलम ५ तटस्थालाच बजावतं की आपल्या मुलखात हे होऊ देऊ नये. कलम ११नुसार अशी फौज आत आली तर तटस्थाने ती युद्धभूमीपासून शक्य तितक्या दूर स्थानबद्ध करायची. म्हणजे गेममध्ये माळव्याच्या शेजारचा खानदेश तुम्हाला ‘नाही’ म्हणतो तेव्हा तो माजलेला नसतो, तटस्थ राहण्याची तीच किंमत असते. गेम १८२१ला संपतो आणि हा करार नंतरचा, हे कुणी सांगायला नको. पण मी दाखवलेला आन्सबाखचा भडका त्याच्या शंभर वर्षं आधीचा आहे, तेव्हा हा समज करारासोबत आकाशातून पडला नाही.

एक गोष्ट नाइलाजाने मान्य करतो. दबावाखाली दिलेली परवानगी हा प्रकार इतिहासात आहे. १९४१मध्ये स्वीडनने एक अख्खी जर्मन डिव्हिजन नॉर्वेतून फिनलंडला आपल्या रेल्वेने जाऊ दिली, आणि ती काही प्रेमापोटी नव्हे. तेव्हा ‘धाक दाखवून अ‍ॅक्सेस पदरात पाडून घ्यायची वेगळी सोय हवी’ अशी मागणी कुणी केली तर मी सही करीन. पोस्टची मागणी ती नाही. तिला फुकट घुसायचंय.

गेममध्ये घुसण्याची किंमत अशी. तटस्थावर कारण नसताना युद्ध पुकारलंत की स्थैर्य दोन पायऱ्यांनी खाली येतं, आणि ते मोजलंच जातं उणे तीन ते अधिक तीन. त्याचे मित्र येतील ते वेगळे. ही किंमत परवडत असेल तर तुमचं जबरदस्तीचं बटण तिथेच आहे.

‘शत्रूला सगळीकडून जाऊ देतात’ हे अर्धं खरं आहे आणि अर्ध्याने गफलत केली आहे. तटस्थाने युद्धातल्या एका बाजूला अ‍ॅक्सेस दिला तर विरुद्ध बाजूलाही सशर्त अ‍ॅक्सेस आपोआप मिळतो. म्हणजे शत्रू तटस्थाच्या मुलखातून चालताना दिसला तर तक्रार लिहू नका, तुमची फौजही तिथे जाऊ शकते. नकाशावर प्रयत्न करून बघा. उलट बाजूने हा नियम जास्त दुखतो आणि पोस्टमध्ये त्याचा उल्लेखच नाही: तुम्ही खानदेशकडून वाट मिळवलीत की पलीकडच्या शत्रूलाही तीच वाट माळव्यात यायला मोकळी झाली. आधी बंद असलेली सीमा तुम्हीच उघडलीत. त्यामुळे अ‍ॅक्सेस मागण्याआधी त्या बाजूच्या सरहद्दीवर आपला किल्ला आहे का आणि तो चालू ठेवलाय का, हे बघायचं. खर्च वाचवायला बंद ठेवलेला किल्ला कुणालाही रोखत नाही.

एआयच्या फौजा काळ्या झेंड्याने फिरतात हेही बरोबर, पण त्याही त्याच नियमाने घरी चाललेल्या असतात. त्यांचा तुम्हाला उपद्रव नाही. चीट कसलं?

‘अ‍ॅक्सेस नाकारला की डाव अडकतो’, हे तर आळसाचं विधान. विनंतीच्या बटणावर कर्सर न्या, नकाराची कारणं आकड्यांसकट दिसतात. संबंध वाईट असतील तर राजदूत संबंध सुधारायला पाठवा, त्याने मत वाढतं, शंभरापर्यंत. राजदूताला पोचायला दिवस लागतात, म्हणून हे युद्ध पुकारण्याआधी करायचं. वेढे पडल्यावर आठवून उपयोग नाही. तटस्थाने तुम्हाला प्रतिस्पर्धी ठरवलं असेल तर हा नाद सोडा आणि समुद्र असल्यास समुद्राकडे बघा. तिथे एका वाहतूक जहाजात एकच रेजिमेंट मावते. वीस रेजिमेंटला वीस जहाजं हवीत, आणि ती कमी पडली म्हणून फौज दोन खेपांत उतरवली की पहिली खेप किनाऱ्यावर एकटी मार खाते. त्याहून सोपा उपाय म्हणजे तटस्थालाच मित्र करून युद्धात ओढणं. एका बाजूने लढणाऱ्यांना एकमेकांच्या मुलखातून वाट आपोआप असते. चढाईच्या युद्धात मित्र सहसा फेव्हर (मैत्रीतून साठलेले गुण) किंवा जमिनीचं आश्वासन मागतो, ते मोजून द्या. आणि वाट मिळाली तरी फौज गठ्ठ्याने हाकू नका. प्रांताच्या रसदक्षमतेच्या वर गेलात की अ‍ॅट्रिशन (फौजेची आपोआप होणारी झीज) लागतं, ते दरमहा पाच टक्क्यांपर्यंत जातं. तीस हजारांत महिन्याला दीड हजार माणूस लढाईवाचून जातो. दोन-तीन तुकड्या पुढेमागे चालवायच्या, वेढ्याच्या जागी एकत्र आणायच्या.

राहिला ‘सगळ्या गेमची हीच रड’. क्रुसेडर किंग्ज ३मध्ये तटस्थाच्या मुलखातून जायला परवानगी लागतच नाही, तिथे तुम्हाला रसद मारते. टोटल वॉरच्या बऱ्याच भागांत न विचारता शिरता येतं, फक्त ज्याच्या मुलखात शिरलात त्याच्याशी संबंध बिघडत जातात. स्टेलारिसमध्ये कुणी सीमा बंद केली की आत अडकलेला ताफा नकाशावरून गायब होऊन काही काळाने घरी उगवतो. चार गेम, चार पद्धती. पोस्ट लिहिणाऱ्याने त्यातला एक खेळला असावा आणि तोही ट्यूटोरियल न वाचता.

भाच्याला मी मांडूवर वेढा पडायच्या आधीची सेव्ह फाइल उघडायला सांगितलं आहे. ती नसेल तर फौज सरळ घरी वळवायची, काळा झेंडा उतरेपर्यंत कुठलाही तह नाकारायचा नाही, आणि खानदेशला राजदूत आजच पाठवायचा.